एक ‘नको’ पुरे

वसुधा मोघे गेली तेव्हा आमच्या माधव नगरच्या मराठी मंडळाने तिची शोकसभा ठेवली. हॉलमध्ये सतरंज्या, स्टेजवर फोटो, फोटोला हार. एकाने तिला ‘उज्जैनची कन्या’ म्हटलं, दुसऱ्याने ‘वंचितांचा आवाज’. मग आमचे अध्यक्ष उठले. त्यांनी तिची एकही फिल्म शेवटपर्यंत पाहिलेली नाही. ते म्हणाले, वसुधाताई अतिशय मृदू स्वभावाच्या होत्या. मी शेजारच्या बाईंना म्हटलं, ‘आपण चुकून दुसऱ्याच कोणाच्या शोकसभेला आलोय बहुतेक.’ त्या म्हणाल्या, ‘नलूताई, हळू बोला.’ सगळी नोकरी मी शाळेत गणित शिकवलं. मला हळू बोलता येत नाही, आणि चुकीचं उत्तर ऐकून गप्प बसताही येत नाही. म्हणून हे लिहितेय.

वसुधा माहितीपट करायची. कोणाची नोकरी नाही, कोणती कंपनी नाही, डोक्यावर कोणी साहेब नाही. स्वतःचा कॅमेरा, स्वतःची स्कूटर आणि स्वतःचा हट्ट. एकाच शहरात राहून आपली वेगळीच दुनिया करून बसलेली जी माणसं असतात ना, त्यांच्यावर ती फिल्म करायची. मांजा घोटणारे पतंगबाज, लग्नातले बँडवाले, जुन्या स्कूटरी जमवून रविवारी नुसत्या सुरू करून बघणारे म्हातारे. तिच्या फिल्ममध्ये कोणी मागून बोलत नसे. संगीत नाही. मुलाखत नाही. ‘वंचितांचा आवाज’ हे शब्द तिने ऐकले असते तर ती सभा तिथेच संपली असती. एकदा एका पत्रकाराने तिला तोंडावर तसं म्हटलं होतं. ती म्हणाली, ‘तुम्ही बँडवाल्यांच्या गल्लीत गेलायत कधी? त्यांना आवाज कमी पडतो असं वाटलं तुम्हाला?’

ती माझ्या खालच्या मजल्यावर राहायची. तिचे वडील बँकेच्या बदलीवर सांगलीहून आले आणि इथल्या पोहे-जलेबीला भुलून इथेच राहिले. आमचं घराणं त्याहून जुनं, दरबारात कारकुनी करायला आलेलं. इतक्या पिढ्यांत आम्ही एकच विद्या नीट शिकलो, वरच्याची मर्जी राखायची. वसुधाला ती विद्या बिलकुल येत नव्हती. उंच, हाडकुळी बाई, केस मानेपर्यंत कापलेले, गळ्यात कायम भैरवगढ़ची ओढणी. तीही कशी, तर ठसा चुकलेली. कापडावर ठसे मारणाऱ्या छिप्यांनी बाजूला टाकलेला माल ती मुद्दाम मागून घ्यायची. मी एकदा म्हटलं, ‘अगं, इतकी जातेस तिथे, तर त्यांच्यावरच कर ना फिल्म.’ तर म्हणाली, ‘त्यांच्याकडे रोज एक कॅमेरा येतो, नलूताई. बिचाऱ्यांना ठसा मारायला फुरसत नाही, मारताना दिसण्यातच दिवस जातो.’

तिच्या कामात मी कशी पडले ते सांगते. तिचा आवाज रेकॉर्ड करणारा पोरगा लग्नाच्या सीझनमध्ये जास्त कमाईच्या कामावर पळाला. ही जिना चढून वर आली आणि दारातच विचारलं, ‘नलूताई, तुमचा हात किती वेळ वर राहतो?’ मी म्हटलं, ‘जन्म फळ्यावर गेलाय. तू सांग, किती वेळ ठेवू.’ दुसऱ्या दिवशी माझ्या हातात लांब काठीला लावलेला माइक होता. निवृत्तीनंतर लोक चारधामला जातात. मी बँडवाल्यांच्या मागे काठी घेऊन फिरू लागले, आणि आमच्या सोसायटीत त्यावर जे बोललं गेलं ते सगळं मला माहीत आहे.

ती ‘शूटिंगला जाते’ असं कधी म्हणायची नाही. ‘बसायला जाते’ म्हणायची. खरंच बसायची. पहिले कित्येक दिवस कॅमेरा पिशवीतून बाहेर निघायचाच नाही. मी आपली बूट-मोजे घालून तयार, आणि ही कुणाच्या तरी ओट्यावर बसून शेंगदाणे सोलतेय. मी वैतागायचे. ती म्हणायची, ‘आधी त्यांना आपला कंटाळा येऊ द्या. कंटाळा आला की माणूस नीट वागतो.’ आणि कोणी काही बोललं की तिचा एकच शब्द असायचा, ‘म्हणजे?’ तो शब्द टाकायचा आणि पापणी न हलवता वाट बघायची. समोरच्याला ती शांतता सोसवत नसे. मग तो भडाभडा सगळं बोलून टाकायचा. माझ्याकडूनही तिने असंच बरंच काही काढून घेतलंय, जे मी माझ्या सख्ख्या बहिणीला सांगितलं नव्हतं.

बँडवाल्यांच्या फिल्मच्या वेळची गोष्ट. इंदोर रोडला एका मॅरेज गार्डनमध्ये लग्न होतं. वरात वाजवून झाली की बँडवाले मागे जनरेटरजवळ बसतात, आणि सगळे पाहुणे जेवल्याशिवाय त्यांना पान मिळत नाही. वसुधा त्यांच्यातच मांडी घालून बसली. भूक तर मला अशी लागली होती की विचारू नका. क्लॅरिनेटवाल्या मास्टरांनी त्यांचा मखमली कोट काढून मला बसायला दिला. तेवढ्यात मुलीचे काका आले. ‘अरे, शूटिंगवाली मैडम, आप इधर? उधर दूल्हे की एंट्री हो रही है.’

‘मैं इनकी शूटिंगवाली हूँ,’ वसुधा म्हणाली.

‘इनकी? इनमें क्या है?’

‘मतलब?’

काका थांबले. तिने वाट बघितली. ‘मतलब... ये तो बजाते हैं,’ ते म्हणाले.

‘हाँ. बजाते हैं.’

काकांनी दोन क्षण बँडकडे पाहिलं, मान हलवली आणि दूल्ह्याकडे निघून गेले. त्यांच्यात काही फरक पडला वगैरे अजिबात नाही. आम्हाला जेवण मिळालं तेव्हा कढी संपली होती, पुऱ्या गार होत्या, आणि वसुधा त्या लोणच्याशी खात मास्टरांबरोबर हसत होती. मला मात्र त्या काकांचा राग आजही येतो.

गणपतीत आमच्या मंडळाने तिला विचारलं, एखादी फिल्म दाखवता का. तिने हीच फिल्म दाखवली. संपल्यावर अध्यक्ष, हेच ते शोकसभेवाले, म्हणाले, ‘छान आहे हो, पण आपलं उज्जैन एवढं मोठं तीर्थक्षेत्र. महाकालाची नगरी. ते सोडून तुम्ही असली माणसं का घेता?’ वसुधाने विचारलं, ‘असली म्हणजे?’ अध्यक्ष हसले, घसा साफ केला, चष्मा पुसला. ती माइक हातात धरून उभीच. शेवटी ते म्हणाले, ‘जाऊ दे, प्रसाद घ्या सगळ्यांनी.’ पुढे मंडळाने तिला कधी बोलावलं नाही. त्याचं तिला काही वाटलं नाही, मला वाटलं, कारण मोदक फक्त त्यांच्याकडेच चांगले असतात.

आता तिचा नियम सांगते, कारण सगळं पुढचं त्याच्यावर आहे. फिल्म झाली की ती आधी त्यात दिसणाऱ्यांना दाखवायची. त्यांच्याच गल्लीत, भिंतीला चादर बांधून. महोत्सव, मंडळं, शाळा, सगळे त्यानंतर. आणि गल्लीत दाखवायच्याही आधी ज्याचा त्याचा भाग त्याला एकट्याला, त्याच्या घरी जाऊन. तिथे कोणी ‘हे नको’ म्हणालं की तो भाग निघाला. कारण विचारायचं नाही. तेवढ्या एका ठिकाणी ती ‘म्हणजे?’ म्हणत नसे. आणि काढायचं म्हणजे नुसतं कापायचं नाही, त्याच्या डोळ्यांसमोर मिटवून टाकायचं. बँडच्या फिल्ममधला ढोलवाला, काय वाजवला होता त्याने त्या दिवशी, तो निघाला. त्याच्या सासरी तो कुठेतरी क्लार्क आहे असं सांगितलेलं होतं. मी म्हटलं, ‘अगं, सगळ्यात चांगला तुकडा गेला.’ ती म्हणाली, ‘एक नको पुरे, नलूताई. दोनची वाट बघायची नसते.’

मग कबूतरबाज आले.

देवास गेटच्या मागच्या गल्ल्यांमध्ये छतांवर लाकडी खुराडी दिसतात ना, तीच ती दुनिया. आमच्याकडे गच्चीला छतच म्हणतात. इलियास उस्तादांचं छत एका टोकाला आणि गिरधारी पहलवानाचं दुसऱ्या टोकाला. दोघेही सत्तरीला आलेले, लहानपणी एका शाळेतले, आणि कबूतरांवरून जन्मभराची चुरस. उस्ताद बारीक, पांढऱ्या दाढीचे, हळू बोलणारे. पहलवान आडवा, कानाची पाळी कुस्तीत चेपलेली, बोलला की गल्ली ऐकते. सकाळ-संध्याकाळ दोघं आपापली टोळी उडवतात. दोन टोळ्या वर एकमेकींत मिसळतात, मग दोघंही शिट्ट्या मारून, बांबूला बांधलेलं फडकं हलवून, दाणे उधळून आपापल्या टोळीला खाली बोलावतात. दुसऱ्याचं एखादं कबूतर चुकून आपल्या छतावर उतरलं की ते आपलं झालं. मालकाने ते परत मागायचं नाही. मागितलं तर त्या माणसाचं कबूतरबाजीत नाव संपलं. पण पकडलेलं कबूतर आपणहून सुटून घरी आलं, तर त्या मालकाचं नाव सगळ्या शहरात होतं. एवढेच त्यांचे कायदे. पण असे पाळतात की आपल्याकडे लोक सातबाराही तेवढा मानत नाहीत.

वर्षभर आम्ही दोन्ही छतांवर बसलो. वसुधाने ट्रायपॉड आणलाच नाही. मी तिला जुन्या सतरंजीची पिशवी शिवून दिली होती, तिच्यात गहू भरलेले. ती कठड्यावर ठेवायची, त्यावर कॅमेरा टेकवायचा. कबूतरं पहिले काही दिवस ते गहू काढायला धडपडायची. दोन्हीकडच्या लोकांना आमची इतकी सवय झाली की पहलवान मला ‘मास्टरनी, ज़रा दाना पकड़ाना’ म्हणायचा आणि मी एका हाताने माइक धरून दुसऱ्याने दाणा द्यायचे.

उस्तादांची एक म्हातारी कबूतरी होती, मलका. टोळीच्या पुढे तीच असायची. तिची बायको गेल्यापासून उस्ताद, नाही, उस्तादांची बायको गेल्यापासून ते रोज त्या मलकाशी बोलायचे. बघा, लिहितानाही माझा घोळ होतो. एका संध्याकाळी मलका गिरधारीच्या टोळीबरोबर गेली आणि त्याच्या छतावर उतरली. तिकडे जाळं पडलं, तिकडच्या पोरांनी आरडाओरडा केला. उस्ताद फडकं हातात धरून उभे राहिले.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही पोचलो तर उस्ताद जिना उतरत होते. आमच्याकडे त्यांनी पाहिलं, पण पाहिलं नाही. वसुधा कॅमेरा घेऊन मागे निघाली, तिच्या मागे मी. गल्ली अजून झोपेत होती. उस्ताद गिरधारीच्या दारापुढे थांबले. कडी वाजवली. पहलवान तोंड पुसत बाहेर आला. उस्ताद म्हणाले, ‘मेरी वाली दे दे, गिरधारी.’ एवढंच. पहलवान आत गेला. येताना त्याच्या दोन्ही हातांत मलका होती. त्याने ती दिली. उस्तादांनी ती कुर्त्याच्या आत छातीशी धरली आणि ते परत फिरले. पहलवान दार लावून आत गेला. मलका घरी कशी परतली ते दोघांनीही नंतर कोणाला सांगितलं नाही, गल्ली नुसते तर्क करत राहिली. माझ्या कानांवरच्या हेडफोनमध्ये कबूतरीच्या गळ्यातला घुर्र आवाज येत होता. मला रडू आलं, लपवत नाही. वसुधाचे हात स्थिर होते.

मग ती एक चूक करून बसली, जी तिने आधी कधी केली नव्हती. परदेशातल्या एका मोठ्या महोत्सवाची मुदत संपत होती. तिने कच्ची फिल्म, उस्तादांना दाखवण्याआधी, इंटरनेटवरून त्यांना बघायला दिली. का दिली ते मला माहीत होतं. पोटात दुखतं म्हणून ती इंदोरला दाखवून आली होती आणि काय निघालं ते तिने मला सांगितलं होतं. ही शेवटची फिल्म हे आम्हा दोघींना कळत होतं. एवढी वर्षं काम करून तिचं नाव उज्जैनबाहेर कोणाला ठाऊक नव्हतं. ते नाव व्हावं असं तिला वाटत होतं. मलाही वाटत होतं, तिच्यापेक्षा जास्तच. आणि फिल्म निवडली गेली. मी शेजारीपाजारी पेढे वाटले.

पेढे संपायच्या आत आम्ही उस्तादांच्या खाटेवर लॅपटॉप घेऊन बसलो. त्यांनी आपला सगळा भाग बघितला. छतावरचा, दाण्यांचा, मलकाशी बोलतानाचा. शेवटी ती सकाळ आली. बघून झाल्यावर त्यांनी दाढीवरून हात फिरवला. ‘बेटा, ये निकाल दो,’ ते म्हणाले. ‘बाकी सब रख लो. इसके बाद मैं मोहल्ले में मुँह नहीं दिखा पाऊँगा.’

वसुधाने लॅपटॉप स्वतःकडे वळवला आणि ते मिटवलं. मग पिशवीतून दोन्ही हार्ड डिस्क काढल्या, त्या जोडल्या, त्यांच्यातूनही मिटवलं. लॅपटॉपच्या कचरापेटीत गेलेलं तिथूनही काढलं. प्रत्येक वेळी स्क्रीन उस्तादांकडे फिरवून दाखवली. उस्तादांना त्यातलं काय समजलं देव जाणे. मग तिने माझ्याकडे हात पुढे केला. आवाज माझ्या रेकॉर्डरवर वेगळा होता. मी मराठीत म्हटलं, ‘आवाज तरी राहू दे गं. आवाजात कोण दिसतंय?’ ती हात तसाच धरून बसली. जिवावर आलं, पण मी दिला. तो तुकडा गेला तेव्हा घरातलं कोणी गेल्यासारखं वाटलं मला.

ती मग गिरधारीकडेही गेली, कारण तोही त्यात होता. त्याला सगळं सांगितलं. पहलवान म्हणाला, ‘मेरी तरफ से तो रहने देती. मेरा क्या बिगड़ता.’ जिन्यात मी लगेच वसुधाला म्हटलं, ‘बघ, एक हो, एक नको.’ ती म्हणाली, ‘हे मतदान नाहीये.’ मी म्हटलं, ‘बरं, पण आता फिल्ममध्ये मलका पकडली जाते आणि पुढच्या मिनिटाला घरी दिसते. लोक काय समजतील? ती आपणहून आली असंच ना? मग तुझी फिल्म खोटं बोलते, वसुधा.’ ती पायरीवर थांबली. ‘खोटं नाही बोलत. गप्प बसते,’ ती म्हणाली. मला हे काही पटलं नाही. तिलाही पुरतं पटलं असेल असं नाही, कारण त्या दिवशी ती माझ्याशी आणखी बोलली नाही.

महोत्सवाला पाठवलेली लिंक तिने बंद केली, इंटरनेटवरची कच्ची फिल्मही मिटवली आणि नवी फिल्म पाठवली. आठवड्याच्या आत निवड समितीतली एक बाई मुंबईहून आली. चांगली होती ती, खोटं कशाला बोलू. वसुधाने पोहे केले, वर भरपूर शेव. बाई म्हणाली, ‘त्या एका सीनसाठी सगळ्यांनी हात वर केले होते. तो परत घाल.’

‘तो सीन नाहीये.’

‘अगं, असेल ना कुठेतरी. असं कोणी टाकून देतं का?’

‘मी दिला.’

बाईंनी चमचा खाली ठेवला. ‘बरं, मी त्या उस्तादांशी बोलते. समजावलं की समजतात ही माणसं.’

वसुधाचा चेहरा बदलला. इतक्या वर्षांत मी तिला पाहुण्याशी असं बोलताना ऐकलं नव्हतं. ‘त्या गल्लीत तुम्ही पाऊल ठेवायचं नाही,’ ती म्हणाली. ‘सीन असता तरी मी दिला नसता. त्यांनी नको म्हटलंय. त्यांना समजवायला गेलं की ते हो म्हणतील, मला माहीत आहे. म्हणूनच जायचं नाही.’

‘वसुधा, असा सीन आयुष्यात एकदा मिळतो.’

‘मिळाला ना. मी बघितला.’

‘मग फिल्म यादीतून काढावी लागेल.’

‘काढा,’ वसुधा म्हणाली. ‘पोहे घ्या अजून, शेव खाली राहिली.’

ती बाई गेल्यावर मी भांडले. जेवढं भांडता येतं तेवढं भांडले. म्हटलं, तुझ्याकडे दिवस किती उरलेत, पुन्हा कोण येणार आहे उज्जैनला तुझ्या पोह्यांसाठी, त्या म्हाताऱ्याची अब्रू एका कबूतराएवढी आणि तुझं अख्खं आयुष्य. ती भांडी घासत होती. मागे वळली तेव्हा डोळे भरलेले होते, पण आवाज जसाच्या तसा. ‘मलाही हवं होतं, नलूताई. फार हवं होतं. तुम्हाला काय वाटतं, मला नको होतं?’ मी फडकं घेतलं आणि भांडी पुसायला लागले.

फिल्म शेवटी दाखवली ती त्या गल्लीत. दिवेलागण झाली, भिंतीला चादर बांधली, पलीकडच्या चहावाल्याने वीज दिली. उस्तादांची मंडळी एका बाजूला, गिरधारीची दुसऱ्या बाजूला, मधे बायका आणि पोरंटोरं. लोक स्वतःला ओळखून हसत होते, एकमेकांना कोपरं मारत होते. मग मलका गिरधारीच्या छतावर उतरली. एका बाजूने शिट्ट्या, दुसऱ्या बाजूने चुकचुकणं. आणि लगेच पुढे मलका उस्तादांच्या हातातून दाणे टिपताना.

गल्लीला क्षणभर कळलं नाही. मग उस्तादांच्या बाजूचा कोणीतरी उठून ओरडला, ‘लौट आई! जाल से छूटके लौट आई!’ टाळ्या सुरू झाल्या. लोक उस्तादांच्या पाठीवर थापा मारू लागले. ‘ये होती है उस्तादी.’ ‘ऐसा दाना किसके हाथ में है उज्जैन में.’ गिरधारीची मंडळी खाली बघू लागली. पहलवान मात्र भिंतीला टेकून सरळ बसला होता. त्याला एका वाक्यात सगळं संपवता आलं असतं. तो काही बोलला नाही.

मी वसुधाकडे बघितलं. प्रोजेक्टरच्या उजेडात तिचं तोंड पांढरं पडलं होतं. मी सांगितलं होतं तेच झालं होतं, आणि त्याचा मला जराही आनंद झाला नाही. तिने फिल्म थांबवली.

टाळ्या चालूच होत्या, तेवढ्यात उस्ताद उठले. हात वर केला. ‘लौटी नहीं थी,’ ते म्हणाले. त्यांचा आवाज लहान, पण गल्ली चुप झाली. ‘मैं लेने गया था. गिरधारी के दरवाज़े पे. माँगके लाया हूँ मैं.’

मी वसुधाच्या बरगडीत कोपर मारलं. ‘कॅमेरा. अगं, कॅमेरा काढ.’ तिने माझा हात बाजूला केला.

मागून कोणीतरी म्हणालं, ‘दीदी, वो वाला दिखाओ ना फिर.’ आणखी दोघं-तिघं म्हणाले. उस्तादही वळले. ‘दिखा दे बेटा. अब क्या छुपाना.’

‘नहीं है, उस्ताद. आपके सामने मिटाया था.’

‘वो तो मिटाया था. दूसरी तो रखी होगी.’

‘नहीं रखी.’

उस्ताद तिच्याकडे बघत राहिले. त्यांचा विश्वास बसत नव्हता. आजवर त्यांनी तिचं ते मिटवणं म्हणजे म्हाताऱ्याची नुसती समजूत काढणं असंच धरलं असणार, हे मला तेव्हा कळलं. त्यांचे डोळे भरून आले.

तेवढ्यात पहलवान उठला. दोन माणसांना हात लावून वाट करत तो चादरीपुढे आला, त्याची सावली मलकावर पडली. ‘ये झूठ बोल रहा है,’ तो म्हणाला. ‘इसने माँगा-वाँगा कुछ नहीं. दरवाज़ा खोला तो ये चुपचाप खड़ा था. मैंने अपनी मर्ज़ी से दी.’

‘माँगा था, गिरधारी.’

‘नहीं माँगा था. मेरे दरवाज़े की बात मुझसे ज़्यादा जानता है?’

‘मेरे मुँह की बात तू जानता है?’

लोक हसायला लागले. दोन म्हातारे चादरीपुढे उभे राहून भांडत होते, एक आपली बेअब्रू सोडायला तयार नाही आणि दुसरा ती घेऊ देत नाही. शेवटी पहलवान वसुधाकडे वळला. ‘तू तो वहीं थी. तू बता सबको. इसने माँगा था?’

सगळी गल्ली तिच्याकडे बघू लागली. तिला ते चार शब्द पाठ होते. तो तुकडा तिने जोडताना किती वेळा पाहिला असेल, तो श्वास, ते थांबणं, ‘मेरी वाली दे दे’. मलाही पाठ होते. मी गणिताची बाई, तोंड उघडलंच होतं मी. वसुधाने माझं मनगट घट्ट धरलं.

‘मुझे याद नहीं,’ ती म्हणाली. ‘आप दोनों ही बताओ.’

आणि ती खाली बसली, बायकांमध्ये, धुळीत मांडी घालून. ते दोघं पुन्हा पहिल्यापासून सांगू लागले, एकमेकांना तोडत, हातवारे करत, पहलवान दार उघडून दाखवत होता, उस्ताद कडी वाजवून दाखवत होते. वसुधा हनुवटी हातावर टेकवून ऐकत होती. कॅमेऱ्याची पिशवी तिच्या मांडीवर होती. पिशवीची चेन तिने उघडली नाही.